सातवी माळ सुकलीच नाही

चतुराबाईच्या हाताला गुण होता. वाळकी काडी जरी तिनं परसात खोचली, तरी आठवडाभरात तिला पान फुटायचं. कुंभार पिंपळगावहून लग्न होऊन आली तेव्हा पदराच्या गाठीला तिनं फुलांच्या बिया बांधून आणल्या होत्या. सासूनं, झुंबरबाईनं, ते पाहून कपाळाला हात लावला. म्हणाली, "सून केली का माळीण आणली?" पण पुढं तीच झुंबरबाई आल्यागेल्याला परसात नेऊन सुनेचा मोगरा दाखवायची. सासवांचं हे असंच. घरात टोचायचं आणि दारात मिरवायचं.

वाडी होती पिंपळगाव रेणुकाईच्या वरच्या अंगाला. राज्य निजामाचं, कचेरी भोकरदनला. वाडीत घरं मोजकी, पण तळं नाव घेण्यासारखं. प्यायला तेच, गुरांना तेच, धुण्याला तेच. बांधाच्या एका टोकाला सांडवा होता. तळं भरलं की जास्तीचं पाणी सांडव्यावरून ओढ्यात जायचं, ओढ्यातून पिंपळगावच्या नदीत, आणि तिथून पुढं कुठं कुठं. चतुराबाईची लेक त्याच नदीच्या खालच्या एका गावात दिली होती. लेकीची आठवण आली की ती सांडव्यापाशी जाऊन उभी राहायची. हे पाणी तिच्या दारावरून जातं, एवढंच समाधान.

वाडीत रेणुकाईचं लहानसं ठाणं होतं. नवरात्रात तिथं घट बसायचा, आणि नऊ दिवसांच्या नऊ माळा नऊ घरांनी वाटून घेतलेल्या. सातवी माळ चतुराबाईच्या नवऱ्याच्या, कारभारीच्या घरची. आज्यापासूनचा मान. कारभारी तसा मुका माणूस. बैलाशी बोलायचा तेवढं माणसांशी बोलत नसे. पण सातव्या माळेचं नाव निघालं की त्याची मान ताठ व्हायची. बाकी त्याच्यापाशी मिरवायला होतं तरी काय?

आता खरी गोष्ट इथं सुरू होते, आणि ती सुरू केली चतुराबाईच्या भावानं. धर्मराज जालन्याला एका आडतीवर कामाला होता. आडत्याबरोबर तो हैदराबादेला गेला, तिथल्या एका तळ्यावर त्यानं जांभळी फुलं पाहिली, आणि बहिणीची आठवण झाली. तांब्यात पाणी घालून एक रोप घेतलं, रेल्वेनं जालन्याला उतरला, तिथून मिळेल त्या गाडीनं वाडीत. एवढं करणारा भाऊ कोणाला मिळतो? त्याला नावं ठेवायची सोयच नाही.

"बघ अक्का, पाण्यावरच जगतंय हे. मातीबी लागत न्हाई," तो म्हणाला.

फूल होतंच तसं. जांभळ्या पाकळ्या, आणि वरच्या पाकळीवर मोरपिसाचा डोळा. देठ फुगीर, बोटानं दाबलं की मऊ लागायचं. चतुराबाईनं ते परसातल्या दगडी डोणीत सोडलं. पंधरवड्यात डोणी भरली. झुंबरबाईला नीट दिसत नव्हतं तरी ती जवळ वाकून वाकून पाहायची आणि म्हणायची, "हे देवीला गेलं पायजे."

आणि गेलंच ते. सातव्या दिवशी चतुराबाईनं माळ ओवायला घेतली, पण फूल तोडलं की घटकाभरात मान टाकायचं. तिनं दोन-तीनदा करून पाहिलं. मग तिला एक युक्ती सुचली. फुलं तोडायचीच नाहीत. कोवळी रोपं मुळांसकट घ्यायची, मुळांना ओल्या फडक्याची चिंधी गुंडाळायची, वरून विड्याची पानं लावायची, आणि माळेचं खालचं टोक घटाभोवतालच्या ओल्या मातीत खोचून द्यायचं. घटाच्या मातीला रोज पाणी असतंच. माळ घातली तेव्हा बायका बघतच राहिल्या. आठवी माळ आली, नववी आली. तरवडाच्या, झेंडूच्या सगळ्या माळा माना टाकून बसल्या, आणि सातवी तशीच टवटवीत. दसऱ्याच्या सकाळी तिला एक नवं फूल उमललं.

शेजारच्या तुळजाबाईनं तिथंच जमिनीला डोकं टेकलं. "चतुरे, तुझी माळ देवीनं गळ्यात घेतली गं. सुकलीच न्हाई."

आता इथं चतुराबाईनं तोंड उघडायला हवं होतं. सांगायचं, बाई, मुळं आहेत आत, चिंधी आहे. एका वाक्याचं काम. पण सगळ्या बायका तिच्याकडं बघत होत्या, नवऱ्याची मान ताठ झाली होती, सासूच्या डोळ्यांत पाणी. ती नुसती हसली आणि पदर सारखा केला. त्या एका हसण्यानं पुढचं वर्ष तिला भाजून काढलं.

दसऱ्याला घट उठला. निर्माल्य कुठं टाकतात हे तुम्हाला सांगायला नको. पायाखाली येता कामा नये, उकिरड्यावर पडता कामा नये, चुलीत तर बिलकुल नाही. ते पाण्यात सोडायचं. सगळ्या माळा, घटाची माती, उगवलेलं धान, असं सगळं वाजतगाजत तळ्यात सोडलं. आठ माळा बुडाल्या. सातवी तरंगत कडेच्या डोहाकडं गेली.

उन्हाळ्यात तळं आटलं, डोहापुरतं उरलं. त्या डोहात काय चाललंय हे कोणी पाहिलं नाही. आषाढात पाणी वाढलं आणि श्रावणात एका सकाळी धुण्याच्या खडकापासून पलीकडं सगळं जांभळं फुललेलं होतं.

वाडीत एकच गलका झाला. देवीनं तळ्याला माळ घातली. दसऱ्याला सोडलेली माळ जिती झाली. बायका ओट्या घेऊन काठावर आल्या. तुळजाबाईच्या सुनेचा, सगुणाबाईचा ताप उतरत नव्हता. तुळजाबाईनं एक फूल नेऊन तिच्या उशाला ठेवलं, आणि ताप योगायोगानं उतरला. मग काय विचारता. हळदीकुंकवाला पहिलं बोट चतुराबाईला लागायला लागलं. घरासमोरून जाणाऱ्या बायका उंबऱ्याला हात लावून जायच्या. झुंबरबाईचे तर पाय जमिनीवर ठरेनात.

चतुराबाई मात्र रोज घागर घेऊन तळ्यावर जायची आणि धुण्याच्या खडकाकडं बघायची. आज हिरवळ खडकाच्या अलीकडं. चार दिवसांनी खडक अर्धा झाकलेला. मग खडकच दिसेना. परसातली डोणी कशी भरली होती, हे तिला माहीत होतं. तिथं डोणीला कड होती. तळ्याला कड म्हणजे सांडवा.

अशात पिंपळगाव रेणुकाईहून दवंडीवाला आला. पारापाशी उभा राहून त्यानं हलगी वाजवली आणि सरकारी हुकूम ऐकवला. पाण्यावर तरंगणारी, फुगीर देठाची, जांभळ्या फुलाची वनस्पती परमुलखातून आली आहे. ती तळी खाते, मासे मारते, गुरांचं पाणी नासवते. ज्या गावाच्या तळ्यात, विहिरीत, ओढ्यात दिसेल त्या गावच्या पाटलानं जल्दी भोकरदनला इत्तिला, म्हणजे खबर, द्यावी. उपटली तर पाण्यात टाकू नये, वाळवून जाळावी. जो लपवील तो गुन्हेगार.

चतुराबाई दाराआड उभी होती. फुगीर देठ हे शब्द ऐकले मात्र. धर्मराज दिसला डोळ्यांसमोर, तांब्या धरून. गुन्हेगार म्हणजे तोही आला की त्यात.

पाटील होते रखमाजी. कारभारीच्याच भावकीतले, वयानं थोर. माणूस वाईट नव्हता, पण सरकार आणि देव या दोघांत कोणाला जास्त भ्यायचं हे त्यांचं पक्कं ठरलेलं होतं. दवंडीवाल्याला भाकरी खाऊ घालून वाटेला लावलं आणि पारावर ते म्हणाले, "देवीची माळ सरकारला दाखवायची व्हय? कचेरीची माणसं येणार, बूट घालून तळ्यात उतरणार. आपल्याकडं आसलं काई न्हाई. समजलं का सगळ्यांना?" सगळ्यांना समजलं. गावाला गप्प बसायचं असलं की लगेच समजतं.

चतुराबाईनं त्या दिवशी नवऱ्याला वाढताना सगळं सांगितलं. मुळं, चिंधी, ओली माती, सगळं. कारभारीचा घास हातातच राहिला.

"आवो, तळं सांडव्याला लागलं तर हे खाली जाईल. नदीत जाईल. आपल्या पोरीच्या गावाला जाईल. पाटलाला सांगा तुमी."

"काय सांगू? आमची माळ खोटी व्हती म्हून?"

तिनं भाकरीची टोपली त्याच्याकडं सरकवली.

"आज्यापासूनची माळ हाय ती," तो खाली बघत म्हणाला. "माझ्या हातून जायची न्हाई. गप ऱ्हा." आणि ताटावरून उठला. लग्न झाल्यापासून तो अर्ध्या ताटावरून कधी उठला नव्हता.

मग तिनं स्वतःच काय ते करायचं ठरवलं. पहाटे घागर घेऊन जायची आणि येताना ओचा भरून रोपं उपटून आणायची. आणायची खरी, पण पुढं? जाळायची तर ते देवीचं निर्माल्य. उकिरड्यावर टाकायचं तर पाय लागणार. हात पुढं होईचना. शेवटी काय केलं असेल तिनं? परसातली डोणी उन्हाळ्यात आटून रिकामी झाली होती, तिच्यात पाणी भरून सोडली. डोणी भरली, मग रांजणात सोडली. एका पाण्यातून काढायचं आणि दुसऱ्या पाण्यात जगवायचं. एक दिवस रांजणावरचं झाकण उचललं, तर आतून एक जांभळं फूल तिच्याकडं बघत होतं. तिनं झाकण परत ठेवलं. भीती काय असते ते तिला त्या दिवशी कळलं. तिला वाटलं, आपल्या हाताचा गुण नाही हा, शाप आहे.

जेवण जाईना. झुंबरबाईला वाटलं, सुनेच्या अंगात येणार. तशी तिनं शेजारी कुजबुजही केली.

पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळणी. बैलांना धुवायला सगळी वाडी तळ्यावर लोटली. आणि मोकळं पाणी कुठंच नाही. या टोकापासून त्या टोकापर्यंत हिरवा गालिचा, वर जांभळी फुलं, खाली कुजका वास. बैल पाण्याला तोंड लावीनात. रखमाजींनी आपली खिलारी जोडी तशीच आत घातली. उजवीकडचा बैल कमरेपर्यंत गेला आणि त्याच्या पायांत ती मुळांची जाळी अडकली. बिथरला, फुरफुरला, एका अंगावर कलला. चार गड्यांनी कासरे ओढून कसाबसा काठावर आणला. बैल थरथरत होता, आणि त्याच्या शिंगांना ती हिरवी रोपं लोंबत होती.

मग तुळजाबाई म्हणाली, "देवीचा कोप झाला. ओटी कमी पडली आसंल."

रखमाजींनी मान हलवली. "सांजच्याला ठाण्यावर नारळ फोडू."

चतुराबाई बायकांच्या घोळक्यात उभी होती. तिचं लक्ष सांडव्याकडं होतं. पाणी सांडव्याच्या तोंडाखाली जेमतेम वीतभर राहिलं होतं, आणि अजिंठ्याच्या अंगाला आभाळ काळं झालं होतं. एक पाऊस पुरे होता. हे सगळं सांडव्यावरून उतरेल, तिच्या लेकीच्या दारापर्यंत, त्याच्याही पुढं, आणि मग कोणाच्या बापाला आवरायचं नाही. रखमाजी तिचे थोरले दीर लागत. आजवर ती त्यांच्यासमोर उभी राहून एक शब्द बोलली नव्हती. त्यांची सावली दिसली की भिंतीकडं तोंड करायची.

ती घोळक्यातून पुढं आली. पदर डोक्यावर होता, आवाज मात्र फुटका.

"कोप न्हाई अन् माळ न्हाई. हे मी आणलंय. माझ्या भावानं हैदराबादेहून रोप आणल्तं. सातव्या माळेत मी मुळं ठिवल्ती, ओल्या चिंधीत. म्हून सुकली न्हाई. दवंडीत सांगितलं तेच हाय हे."

आता तुम्हाला वाटेल, सगळे हादरले. कोणीच हादरलं नाही. तुळजाबाई हसली, मायेनं हसली, आणि तिनं चतुराबाईच्या पाठीवरून हात फिरवला. "येडी गं बाई. तुझ्या हातून देवीनंच लावलं ते. भावाला बुद्धी कोणी दिली?" मागून कोणीतरी म्हणालं, हिला झपाटलंय. झुंबरबाई रडायला लागली. लोकांच्या श्रद्धेला भोक पाडणं सोपं नसतं. तुम्ही खरं सांगायला जाता आणि तेच खरं तुमच्या हातातून घेऊन त्याला हळदकुंकू वाहतात.

मग चतुराबाई पाण्यात उतरली. लुगडं खोचलं, गुडघाभर पाण्यात गेली आणि दोन्ही हातांनी उपटायला लागली. उपटलं की बांधावर फेकायची. हिरवा ढीग झाला तशी वर आली आणि त्या ढिगावर पाय देऊन उभी राहिली. बायकांनी तोंडावर हात घेतले. निर्माल्यावर पाय.

"सातवी माळ मी सोडली," ती म्हणाली. "आजपासून आमच्या घरची न्हाई. कोणालाबी द्या. मी खोटी माळ घातली, मला त्या ठाण्यावर फूल वाह्याचा हक न्हाई."

आता मात्र कोणी हसलं नाही. झपाटलेली बाई काहीही बडबडेल, पण माळेचा मान सोडणार नाही. मानासाठी सख्ख्या भावांचं बोलणं बंद झालेलं वाडीनं पाहिलं होतं. आणि मान बाईचा नसतोच, घराचा असतो. म्हणून सगळ्यांच्या नजरा कारभारीकडं गेल्या. तो नाही म्हणाला असता तर संपलं होतं.

कारभारी बैलाचा कासरा धरून उभा होता. चेहरा काळवंडला होता. बराच वेळ तो बायकोच्या पायाखालच्या त्या ढिगाकडं बघत राहिला. मग त्यानं कासरा शेजारच्याच्या हातात दिला, जोडे काढून बांधावर नीट ठेवले, डोक्याचं पागोटं त्यावर ठेवलं, आणि पाण्यात उतरून उपटायला लागला.

रखमाजींनी खाकरून घसा साफ केला. "भोकरदनला कोण जातंय इत्तिला द्याला?" त्यांनी विचारलं.

त्या वर्षी वाडीत पोळा झाला नाही. बैल न धुता, न सजता गोठ्यात उभे राहिले आणि माणसं तळ्यात. सांडव्याच्या तोंडाला पऱ्हाट्यांची दाट ताटी बांधली. काढलेले ढीग बांधापासून लांब खडकावर पसरले. चतुराबाईनं परसातली डोणी आणि रांजण आधी उपसला, आणि पहिली आग स्वतःच्या हातानं लावली. ओलं होतं, नुसतं धुमसत राहिलं. पाऊस आला तो भरपूर आला. तळं सांडलं. ताटीला जे अडकलं ते लोकांनी ओरबाडून काढलं, पण एखादं रोप निसटलं नसेल असं कोण शपथेवर सांगणार? कचेरीची माणसं आली, त्यांनी तळं पाहिलं, ओढा पाहिला, आणि वेळेवर इत्तिला दिल्याबद्दल रखमाजी पाटलांची तारीफ करून गेली. चतुराबाईचं नाव कोणी काढलं नाही, धर्मराजाचंही नाही. तेवढं मात्र रखमाजींनी बराबर सांभाळलं.

त्यानंतर लेकीकडं जाताना ती कधी गाडीवाटेनं गेली नाही. नदीच्या काठाकाठानं जायची, पाण्यावर नजर ठेवून. लांबून काही जांभळं दिसलं की वाट सोडून तिकडं धावायची. जवळ जावं तर कोणाचं धुणं वाळत असायचं.

नवरात्र आलं. सातवी माळ तुळजाबाईच्या घरात गेली. चतुराबाई ठाण्यावर सगळ्यांच्या मागं उभी राहिली. तुळजाबाईची माळ झेंडूची होती, आणि इतर माळांसारखीच ती दुसऱ्या दिवशी कोमेजली. घरी आल्यावर झुंबरबाई भिंतीकडं तोंड करून झोपली, आणि कारभारी मान खाली घालून जेवला. हे सगळं आपल्यामुळं, असं चतुराबाईला घासाघासाला वाटत होतं.

दसऱ्याला घट उठला. वाजंत्री तळ्यापाशी आली. तुळजाबाई निर्माल्याची पाटी डोक्यावर घेऊन काठाशी वाकली, आणि रखमाजी म्हणाले, "थांबा."

वाजणारं थांबलं.

"कारभाऱ्याची मंडळी कुठं हाय? तिला पुढं बोलवा. तिनं बघितल्याबिगर पाण्यात काई सोडायचं न्हाई. आज न्हाई, पुढंबी न्हाई."

बायकांनी वाट दिली. चतुराबाई पुढं आली. तुळजाबाईनं पाटी तिच्यासमोर जमिनीवर ठेवली आणि हळूच म्हणाली, "नीट बघ गं चतुरे. मला न्हाई समजत त्यातलं."

तिनं खाली बसून पाटीत हात घातला. नऊच्या नऊ माळा तिनं एकेक करून बोटांतून ओढल्या. दोऱ्याची प्रत्येक गाठ चाचपली, पानं उलटी करून पाहिली, घटाची माती कुस्करली, कुठं ओल लागते का, कुठं चिवट काही लागतंय का. कारभारी गर्दीच्या कडेला उभा होता, आणि माळ सुटल्यापासून पहिल्यांदाच त्यानं मान वर केली होती. शेवटी तुळजाबाईची सातवी माळ हातात आली. तिनं एक झेंडू चिमटीत धरून चोळला. त्याचा कोरडा चुरा तिच्या तळव्यावर पडला.

"मेलंय समदं," ती म्हणाली. "सोडा."